बिनमिठाची जीभ

मंगळवार, ९ मार्च १९४३. दुपारी सव्वाबारा वाजता कामरगावच्या दवाखान्यामागच्या बंगलीतून जेवणाची बशी स्वयंपाकघरात परत आली. बशीत पावाचे दोन तुकडे होते. एकाचा कोपरा तेवढा मोडलेला. बाकी जसं गेलं तसं आलं होतं.

पहारेकरी हरिसिंगनं ती आणून खाली ठेवली. चुलीपुढे बसलेल्या कस्तुराबाईनं बशीकडे पाहिलं आणि पदरानं कपाळ पुसलं. अठ्ठेचाळीस वर्षांच्या आयुष्यात तिच्या हातचं असं परत आलं नव्हतं.

ती काही बंगलीवरची स्वयंपाकीण नव्हे. गावाला लागून तिची दोन एकर बागायत होती. मुलगा जगदेव मोट हाकायचा आणि रोज सकाळी कस्तुराबाई टोपलीभर भाजी दवाखान्यात पोचवायची, एवढाच संबंध. पण जानेवारीत बंगलीचा खानसामा रूपला पलटणीच्या भटारखान्यात भरती होऊन आसामकडे निघून गेला, आणि फेब्रुवारीत खुद्द डॉक्टरीणबाईच तापानं आडवी झाली.

बाईचं नाव मिस डोरन. अकरा वर्षांपूर्वी अमेरिकेतून आलेली. गाव तिला डोरनबाई म्हणायचं. तीन आठवड्यांनी ताप उतरला, पण अन्नावरची वासना गेली ती परत आली नाही. पेज झाली, खिचडी झाली, दूध झालं. दोन चमचे घेऊन बाई बशी सारून द्यायची. अकोल्याचे सिव्हिल सर्जन येऊन बघून गेले होते. बाई अशीच उपाशी राहिली तर तिला आधी चिखलदऱ्याला आणि तिथून मिळेल त्या बोटीनं मायदेशी धाडावं लागेल, असं त्यांनी सांगितलं होतं. शुक्रवारी, बारा तारखेला, ते पुन्हा येणार होते.

बाई गेली की दवाखान्याला कुलूप लागणार, हे गावात सगळ्यांना ठाऊक होतं. कस्तुराबाईला ते जास्त ठाऊक होतं, कारण तिच्या सुनेला, विजयमालाला, आठवा महिना होता. आधीची दोन बाळंतपणं घरीच झाली. पहिलं मूल मेलेलंच निघालं. दुसरं अर्धा दिवस जगलं. या खेपेला डोरनबाईनं तिसऱ्या महिन्यापासून विजयमालाला तपासलं होतं. पायावर सूज दिसताच तिचं मीठ बंद केलं होतं आणि बाळंतपण आपल्या हातानं करीन असा शब्द दिला होता. म्हणून, बाई अजूनही जेवत नाही असं सोमवारी कळल्यावर कस्तुराबाईनं भाजीची टोपली दारातच ठेवली आणि ती चुलीपुढे जाऊन बसली.

त्याच दिवशी बाईनं पहिल्यांदाच आपण होऊन काही मागितलं. तिची आई उन्हाळ्यात करायची तो प्रकार. डब्यातला मासा, गार कालवलेला, पावाच्या दोन कापांमध्ये. कधी वर चीज घालून तव्यावर भाजलेला. लढाईच्या आधी आलेल्या पेटीतले तीन डबे कपाटात उरले होते. माशाचं नाव टूना. रूपला तो कसा करायचा हे हरिसिंगनं दारातून पाहिलेलं होतं. अंड्याचा बलक आणि तेल घोटून घोटून घट्ट करायचं, त्यात मासा कालवायचा, पावात भरायचा, चीज ठेवायचं आणि ते वितळेस्तोवर तव्यावर धरायचं.

मंगळवारी कस्तुराबाईनं तसंच केलं. मीठ अंदाजानं घातलं. या अंदाजाचा तिला अभिमान होता, आणि तो फुकाचा नव्हता. भादव्यात महालक्ष्म्या बसल्या की गावातल्या सात-आठ घरांतून तिला बोलावणं यायचं. नैवेद्याचा स्वयंपाक चाखता येत नाही. सोळा भाज्या, आंबील, कढी, सगळं वासावर आणि हाताच्या मापावर. कस्तुराबाईनं घातलेलं मीठ कधी कमी पडलं नाही की जास्त झालं नाही.

तसाही मासा तिला चाखता येणार नव्हताच. पूर्वी ती अडाण नदीचे मासे आवडीनं खायची. पण विजयमालाला दिवस गेले तेव्हा तिनं महालक्ष्मीला नवस बोलला होता. सून हातीपायी सुखरूप सुटेपर्यंत मासळी-मटण जिभेला लावणार नाही.

बशी परत आल्यावर ती बाईच्या खोलीच्या उंबऱ्याशी जाऊन उभी राहिली.

"बाई, बरं नाई झालं काय?"

डोरनबाई उशीला टेकून बसली होती. तिचं मराठी पुस्तकातून शिकलेलं होतं. "जड आहे, कस्तुराबाई. तुम्ही कष्ट केले. माझं पोट तेल घेत नाही."

"मंग हलकं करतो उद्या."

बाई हसली. नको म्हणाली नाही.

बुधवारी सकाळी हरिसिंगनं दुसरा डबा चाकूनं कापला. कस्तुराबाईनं वास घेतला आणि भुवया वर केल्या.

"हे सरकीचं तेल हाय."

"कोन्तं?"

"सरकीचं. माह्या म्हशीले सरकी घालतो म्या. वास वळखत नाई का?"

हरिसिंग डबा नाकाशी नेऊन हसायला लागला. "म्हंजे आपला कापूस तिकडे जाऊन मासा होऊन परत आला."

"कापूस नाई, म्हशीचं खाद्य आलं. आन तुमी समजता सायबाचं खानं."

तिनं ते तेल गाळून टाकलं. बलक आणि तेलाऐवजी तिनं रात्रभर फडक्यात टांगलेल्या दह्याचा चक्का आणला होता. मलई काढलेल्या दुधाचं दही. मळ्यातली कोवळी काकडी बिया काढून बारीक चिरली आणि पिळून घेतली. बाईची आई कसला तरी कुरकुरीत देठ घालायची म्हणे. त्याच्या जागी कस्तुराबाईनं कोथिंबिरीचे देठ घातले, थोडी कांद्याची पात, अर्धं लिंबू. मग मीठ घातलं आणि तिचा हात पहिल्यांदा अडखळला. काल नुसतं तेलच जड झालं होतं की आणखी काही?

"हरिसिंग, तू खातं ना मासा? चाखून पाहा बरं."

हरिसिंगनं तोंडातली तंबाखू दाराबाहेर थुंकली, मिशी पुसली आणि बोटभर खाल्लं. विचार केला. "अळनी हाय."

"नीट पाहा."

"अळनीच. जरा तिखट टाका, मीठ टाका. असं फिक्कं कोन खाईन?"

तिनं तिखट टाकलं नाही. मीठ आणखी चिमूटभर टाकलं.

पाऊण वाजता बशी परत आली. दोन घास गेले होते.

"काय म्हने?"

"काई नाई. पानी मांगे."

"किती पेली?"

"दोन गिलास. मंग आनखी अर्धा."

कस्तुराबाईनं बशीतला उरलेला घास निरखून पाहिला, जणू मीठ डोळ्यांना दिसणार होतं. अडीच गिलास पाणी म्हणजे काय ते तिला कळलं. हरिसिंगची जीभ तीस वर्षं चुन्या-तंबाखूनं भाजून निघालेली. ती काय साक्ष देणार. पण तिचा स्वतःचा हात? काल तो एकटाच होता, कोणाला विचारलं नव्हतं, तरी बशी परत आली होती. कपाटात आता एकच डबा होता. मध्ये एकच दिवस होता.

दिवेलागणीच्या आधी ती घरी आली. आंघोळ करून तिनं सुनेला वाढलं. भाकरी, बिनमिठाचं वरण, चिवळीची भाजी. विजयमाला भिंतीला टेकून, सुजलेले पाय लांब करून बसली होती. पहिल्याच घासाला तिनं मान वर केली.

"आत्या, भाजीत मीठ टाकलं काय?"

"चिमूट बी नाई. तुह्यासाठी येगळी काढली."

"मंग चिवळच खारट हाय."

"चिवळ कधी खारट असते व्हय?"

"तुमाले नाई लागत. मले लागते." विजयमाला हसली. "तीन महिने झाले मीठ सुटून. आता मले विहिरीचं पानी बी खारट लागते. दवाखान्याच्या विहिरीचं जास्त, आपल्या विहिरीचं कमी."

कस्तुराबाईचा भाकरी देणारा हात तसाच राहिला. चिवळीत तिनं मीठ घातलं नव्हतं, तरी चिवळीत मीठ होतं. मग समुद्रातला मासा, महिनोन्‌महिने डब्यात टिकणारा, तो काय बिनमिठाचा असेल? महालक्ष्म्यांच्या सोळा भाज्या तिच्या मळ्यातल्या, तिच्या ओळखीच्या. त्यांच्यापाशी काय आहे आणि काय नाही हे तिच्या हाताला पाठ होतं. हा मासा परका. तो आपलं मीठ बरोबर घेऊन आला होता आणि तिनं वरून आपलं घातलं होतं. दोन्ही दिवस.

"उद्या माह्यासंगं बंगलीवर येशीन?"

"कायले?"

तिनं सांगितलं. विजयमालानं ऐकून घेतलं आणि पायावरची सूज बोटानं दाबून पाहिली. बोटाचा खळगा हळूहळू भरला.

"मासा खाल्ला तर मले चालते काय?"

"चाखाचा. गिळाचा नाई. बाईनं मीठ बंद केलं ना तुहं."

"आन तुमचा नवस?"

"नवस माह्या जिभेचा हाय."

"म्हनून माही जीभ नेता." विजयमाला खोडकरपणे म्हणाली. "महालक्ष्मी इचारीन बरं, ही कोनाची अक्कल म्हनून."

"इचारू दे. सांगीन मी."

गुरुवारी दहा वाजता जगदेवनं बैलगाडीतून दोघींना बंगलीच्या मागच्या दाराशी उतरवलं. विजयमाला पाटावर बसली. हरिसिंगनं शेवटचा डबा कापला आणि पाहुण्याला करावा तसा तिला रामराम केला.

"आता तुमी मास्तरीन. मी नापास झालो."

"तुमी तंबाखूत पास हाय, भाऊ," विजयमाला म्हणाली.

कस्तुराबाईनं तेल गाळलं, मासा उलथण्यानं मोकळा केला. एक शकल तिच्या बोटाला चिकटलं. एवढं बोट जिभेला लावलं की काम झालं असतं. कोणी पाहिलंही नसतं. हरिसिंग लाकडं आणायला वळला होता. तिनं क्षणभर बोटाकडे पाहिलं, ते फडक्याला पुसलं, आणि चमच्याच्या टोकावर वाटाण्याएवढा मासा घेऊन सुनेपुढे धरला.

विजयमालानं तो जिभेवर ठेवला आणि लगेच मोरीत थुंकून टाकला. डोळ्यांत पाणी आलं होतं.

"आत्या, हे तं नुसतं मीठ हाय."

"अजून टाकलंच नाई मी."

"म्हनूनच सांगतो, टाकू नोका."

कस्तुराबाईनं पाणी कोमट केलं, मासा फडक्यात बांधून त्यात बुडवला आणि अलगद पिळला. विजयमालानं पुन्हा चाखलं. मीठ अजून जास्तच. दुसऱ्यांदा बुडवला. आता तिनं थुंकायला वेळ लावला.

"बस. आनखी धुसान तं मासा पानचट होईन."

मग चक्का, काकडी, कोथिंबिरीचे देठ, लिंबू. मिठाचं भांडं कस्तुराबाईनं उचलून फळीवर ठेवलं, हाताला सवयीनं सापडू नये म्हणून. पाव कारंज्याहून परवा आलेला, जरा वाळलेला. तो तिनं तव्यावर कोरडाच भाजला. एका तुकड्यावर चीजऐवजी चक्क्याचा पातळ हात फिरवला, वर झाकण ठेवलं आणि झाकणावर निखारे. झाकण काढलं तेव्हा चक्का जागोजाग सोनेरी झाला होता.

सगळं कालवून झाल्यावर तिनं शेवटचा एक घास सुनेला दिला. विजयमालानं तो तोंडात फिरवला. मग सासूकडे बघत बघत गिळून टाकला.

"गिळलं काहून?"

"बरं लागलं म्हनून. तीन महिन्यांत पैल्यांदा काई बरं लागलं."

कस्तुराबाई रागावणार होती. पण बशी गार होत होती.

हरिसिंग बारा वाजून दहा मिनिटांनी बशी घेऊन गेला. पावणेएक झाला, एक वाजला, तरी तो परतला नाही. सव्वा वाजता आला. बशीत अर्धा तुकडा होता, वर उपडी वाटी झाकलेली.

"हे टाकू नोका म्हने. चारच्या चहासंगं खाईन म्हने. आन इचारत होती, मीठ कोनी घातलं."

"काय सांगतलं तू?"

"कोनीच नाई, म्हनलं."

पाणी किती प्याली ते कस्तुराबाईनं विचारलं. अर्धा गिलास. चार वाजता उरलेला तुकडाही गेला.

शुक्रवारी तीन वाजून वीस मिनिटांनी सिव्हिल सर्जनांची मोटार कारंज्याच्या रस्त्यानं आली. डबे संपले होते. सकाळी कस्तुराबाईनं त्याच चक्क्यात काकडी आणि उकडलेला बटाटा कालवून दिला होता. बाईनं पाऊण बशी खाल्ली होती. विजयमाला तपासणीसाठी म्हणून आली होती आणि व्हरांड्याच्या पायरीवर बसून होती. तिच्या पायावरची सूज कालच्याएवढीच होती.

डोरनबाईच्या खोलीचं दार आतून लावलेलं होतं. पावणेपाच वाजता हरिसिंग स्वयंपाकघरात येऊन म्हणाला, आतून दोन कप चहा सांगितला आहे आणि बाईचं वजन करायला वजनकाटा मागितला आहे. कस्तुराबाईनं आधण ठेवलं. मोटार अजून दारातच उभी होती.