कलाबाईंचा चेहरा आणि मी

मित्रांनो, मी एक जुना पेनड्राइव्ह आहे. माझे टोपण केव्हाच हरवले, अंगावरची अक्षरे पुसली, पण ऐट काही गेलेली नाही! स्नेहलने मला कॉलेजात असताना घेतले. तिचा अभ्यास आणि मग लग्नाचे फोटो जपत मी तिच्याबरोबर सायखेड्याला, तिच्या सासरी आलो. सगळे मला गुणाचा म्हणत.

एकदाच माझ्या हातून घात झाला. गावात गोदावरीच्या घाटावर एका सिनेमाचे शूटिंग झाले होते. स्नेहलच्या सासूबाई, कलाबाई, त्यात घागर घेऊन उभ्या राहिल्या होत्या. सिनेमा लागला आणि तिसऱ्याच दिवशी त्यांचे दीर चंदर यांनी त्याची चोरटी प्रत माझ्यात भरून आणली. कुणीतरी थिएटरात बसून मोबाइलवर टिपलेली! मी फुशारून टीव्हीला लागलो. सगळी आळी जमली.

घाट आला आणि माझी अब्रूच गेली. चित्र अंधारे, हलणारे. कलाबाईंच्या जागी नुसता हिरवा डाग!

"वहिनी, ह्यो डाग म्हंजे तुम्ही का?" चंदर म्हणाले. आळी खो खो हसली.

"दोन दिस उन्हात उभी व्हते मी. खोटं नाय बोलत," कलाबाई म्हणाल्या.

पण बायकांना ते खरे वाटेना. कलाबाई घाटावर जायच्याच थांबल्या. मला फार अपराधी वाटले.

रविवारी स्नेहलने चंदरसकट सगळ्यांना जीपमध्ये कोंबले आणि नाशिकच्या थिएटरात नेले. मी तिच्या पर्सच्या चेनला लटकत होतो. पडद्यावर घाट आला. अहाहा! पाण्यावरचे ऊन, घागरीचा पोचा, कलाबाईंच्या हनुवटीवरचे गोंदण, सगळे कसे लख्ख!

चंदर ताडकन उठले. "आमच्या वहिनी हायेत त्या! लय भारी! बघा, बघा!"

कलाबाईंनी पदराने डोळे पुसले आणि त्यांचा सदरा ओढला. "भाऊजी, खाली बसा. मागच्यांना दिसू द्या की."

घरी येताच स्नेहलने ती प्रत पुसून टाकली. मला अगदी हलके वाटले.

मित्रांनो, मी मुका हमाल, द्याल ते वाहीन. पण चोरलेला सिनेमा तेवढा माझ्या पाठीवर लादू नका. त्यात कुणाच्या तरी घरचे माणूस असते. त्याचा चेहरा नीट दिसू द्या.