शोकेसमधल्या फोनची चौकशी

शनिवारी सकाळी नऊच्या ठोक्याला बापू घोरपड्यांनी जेवणाच्या टेबलावर चौकशी बसवली. बसवली म्हणजे अगदी रीतसर! कोरा कागद, त्यावर तारीख, डावीकडे समास, आणि समोर आरोपी. आरोपी म्हणजे त्यांचीच नात निशिगंधा, वय वर्षं सतरा. साक्षीदार म्हणून बायको वासंतीबाई, पण साक्षीदार पोह्यांना फोडणी द्यायला आत गेल्या होत्या.

बापूंना लगेच नावं ठेवू नका. बत्तीस वर्षं विमा कंपनीत क्लेमच्या चौकशा करण्यात गेली माणसाची. कुणाची गाडी जळाली, कुणाचं गोदाम बुडालं, खरं काय नि बनाव काय, हे हुडकून काढायचं. कराडचा हा गडी बदल्या होत होत जयपूरला आला आणि निवृत्त होऊन तिथल्याच खातीपुरा भागात राहिला. मुलगा रणजित सैन्यात, सध्या सीमेवर. सून कीर्ती बँकेत, तिची बदली झाली उदयपूरला. निशीचं बारावीचं वर्ष मध्येच मोडायला नको म्हणून पोरगी आजी-आजोबांकडे राहिलेली, आणि शाळेच्या कागदोपत्री तिचे पालक बापू.

आता गुन्हा काय, तर घरच्या फोनमध्ये खेळ शिरत होते. बारावीचं वर्ष म्हणून निशीचा स्वतःचा फोन आईनं काढून घेतला होता, त्यामुळे दसऱ्याला घेतलेला हा एकच फोन तिघांत. आजीची भजनं त्यावर, बापूंच्या बातम्या त्यावर, निशीचे दुपारचे ऑनलाइन क्लास त्यावर. आणि महिनाभर असं चाललं होतं की निशीचा क्लास संपायचा, ती फोन चार्जिंगला लावून मैदानावर पळायची, आणि तासाभरात फोनवर काहीतरी नवीन येऊन बसलेलं असायचं. कधी फुगे फोडायचा खेळ, कधी पत्त्यांचा जुगार, कधी भविष्य सांगणारी कुणी बया. बापू पुसून टाकायचे, दुसऱ्या दिवशी पुन्हा हजर. काल तर फोन इतका तुडुंब भरला की सीमेवरून रणजितचा व्हिडिओ कॉल आला आणि फोन जागच्या जागी थिजला. पोराचं तोंडसुद्धा दिसलं नाही. तेव्हापासून बापूंचं टाळकं सरकलेलं होतं.

"कबूल कर, मी सही करतो," बापू म्हणाले.

सही कशावर? तर त्या चौकशीच्या कागदाखाली आणखी एक कागद दाबून ठेवलेला होता. शाळेचं संमतीपत्र. आज दुपारी चारला शाळेची बस जोधपूरला निघणार होती, राज्य पातळीवरच्या खो-खोसाठी. निशी संघात होती. नुसती संघात नव्हती, खांबावर सूर मारण्यात तिचा हात धरणारी पोरगी अख्ख्या शाळेत नव्हती. तीन वर्षं रोज मैदानावर गुडघे फोडून घेतल्यावर हे बोलावणं आलं होतं. यंदा शाळा संपली की खेळही संपला. पालकाची सही नाही तर बसमध्ये पाय ठेवायचा नाही, असं खेळाच्या मॅडमनी बजावलेलं.

"पण मी केलंच नाही, तर कबूल काय करू?" निशीचे डोळे भरून आले होते, पण मान ताठ होती. "मतलब, खोटं बोलू का सहीसाठी?"

"मग कोण करतं? मी? का तुझी आजी जुगार खेळते?"

आतून झारा आपटल्याचा आवाज आला. "अहो, मला त्या पेटीत अजून भजन लावता येत नाही धड, जुगार काय खेळते! आईला फोन केला होता पोरीनं रात्री. कीर्ती म्हणाली, बापू म्हणतील तसं. सगळे आपले बापू म्हणतील तसं! चोर सोडून संन्याशाला फाशी नको म्हणजे झालं."

"पुरावा आहे माझ्याकडे!" बापूंनी कागद पुढं सरकवला. सोळा दिवसांची नोंद. क्लास संपल्याची वेळ, खेळ आल्याची वेळ. सोळाच्या सोळा दिवस क्लासनंतरच. "आता बोल."

निशीनं कागद वाचला. दोनदा वाचला. मग तिनं डोळे पुसले आणि एकदम खुर्चीत सरसावून बसली.

"बापू, ती प्लायवूडची गोष्ट सांगा."

"ही काय गोष्टींची वेळ आहे?"

"पाहुणे आले की दर वेळी सांगता ना? आज मला सांगा."

ही गोष्ट घरातल्या भांड्याकुंड्यांनासुद्धा पाठ होती. विश्वकर्मा औद्योगिक क्षेत्रात एक प्लायवूडचं गोदाम होतं. तीनदा आग लागली, तिन्ही वेळा रात्रपाळीचा चौकीदार हजर. मालकानं त्याला चोर ठरवून हाकलून दिलं. बापू चौकशीला गेले, सगळ्या माणसांना बाहेर काढलं, दाराला स्वतःच्या हातानं सील ठोकलं आणि समोर खुर्ची टाकून बसले. चौथ्या दिवशी सीलबंद गोदामातून धूर! भिंतीतली वायर सडलेली निघाली. चौकीदार बापूंच्या पाया पडला होता.

"त्या चौकीदाराचं तुम्ही ऐकून घेतलंत," निशी म्हणाली. "माणसं बाहेर, वस्तू आत, हे तुमचंच वाक्य आहे. मग मला का नाही? फोनला सील ठोका, बापू."

बापूंनी हातातलं पेन खाली ठेवलं. आपल्याच काठीनं आपलेच पाय! पण खरं सांगायचं तर त्यांना हे आवडलंच. निवृत्तीनंतर सहा वर्षांत कुणी त्यांना सील ठोकायला सांगितलं नव्हतं.

"वासंती!" त्यांनी आरोळी ठोकली. "माझी लाखेची कांडी कुठं आहे?"

"आहे तुमच्या त्या ट्रंकेत, जिला हात लावलेला तुम्हाला चालत नाही."

मग काय विचारता! घरात लग्नाची धांदल उडावी तसं झालं. बैठकीतलं काचेचं शोकेस निवडलं, म्हणजे वस्तू आत आणि नजर बाहेर. निशीच्या खो-खोतल्या ढालींच्या मधोमध फोन टेकवून उभा केला. चार्जरची वायर मागच्या फटीतून आत घेतली, कारण बापू म्हणाले की रोज जशी परिस्थिती असते तशीच हवी, नाहीतर चौकशीला अर्थ नाही. आतले सगळे खेळ पुसून काढले, उरलेली अॅप मोजली, एकोणतीस भरली. दारांवर कागदाची पट्टी, पट्टीवर तिघांच्या सह्या, सह्यांवर मेणबत्तीनं वितळवलेली लाख. लाखेवर दाबायला कंपनीचा शिक्का आता कुठून आणायचा? वासंतीबाईंनी हळदी-कुंकवाच्या करंड्याचं पितळी झाकण आणून दिलं. दहा वाजून पाच मिनिटांनी फोन सीलबंद झाला.

"दोनपर्यंत थांबायचं," बापू म्हणाले. "काही आलं नाही, तर जोधपूर विसरायचं."

"आणि आलं तर?"

"आधी येऊ दे."

तिघं समोर बसली. अकरा वाजले. फोन ढिम्म. साडेअकरा वाजले, तरी ढिम्म. पोह्यांच्या ताटल्या तिथंच आल्या, निशीच्या ताटलीतले तसेच राहिले. बारा वाजता बापूंनी घसा खाकरला. "बघ, तू मैदानावर नाहीस, क्लास नाही, आणि फोन कसा गुणी बाळासारखा आहे." निशीनं ओढणीचं टोक बोटाला इतकं आवळलं होतं की बोट पांढरं पडलं. बापूंना ते दिसलं. वाईटही वाटलं, पण चौकशीत वाईट वाटून चालत नाही, अशी त्यांची बत्तीस वर्षांची समजूत.

पाऊण वाजला आणि फोनचा पडदा उजळला.

"आलं! आलं!" वासंतीबाई पदर सावरत उठल्या. तिघांची नाकं काचेला चिकटली. पडद्याच्या वरच्या कडेला एक बारीक निळी रेघ सरकत होती. कुणाचं बोट नाही, कुणाचा हात नाही. सील जसंच्या तसं. रेघ पुरी भरली आणि पडद्यावर एक गुबगुबीत फुगा प्रकट होऊन हसला.

"अरे हरामखोरा!" बापू ओरडले, आणि ते फोनला ओरडले, हे पहिल्यांदाच. "माझ्या डोळ्यांदेखत? सीलबंद असताना?"

"अजून एक, बापू, अजून एक!" निशी उड्या मारत होती. भविष्यवाली बया आली. पाठोपाठ पत्त्यांचा जुगार आला. बापू भराभर कागदावर वेळा लिहीत होते. गेल्या कित्येक वर्षांत त्यांना इतकी मजा आली नव्हती. त्या भरात आपण एका निरपराध पोरीला महिनाभर छळलं, हे त्यांच्या ध्यानातच आलं नाही.

"दोन वाजेपर्यंत कशाला थांबता, फोडा ते सील!" वासंतीबाई म्हणाल्या, आणि त्यांनीच नखानं लाख उडवली.

आता खरा चोर शोधायचा. निशी फोन घेऊन बसली, बापू चष्मा सरसावून शेजारी. बापूंनी फोन मराठीत करून ठेवलेला, निशीचं मराठी वाचन अडखळत, त्यामुळे ती बोट फिरवायची आणि बापू मोठ्यानं वाचायचे. फुग्याच्या खेळाची माहिती उघडली. खाली बारीक अक्षरांत लिहिलं होतं, हे अॅप कुणी आणलं. नाव होतं 'सेवासाथी'.

"हा कोण उपटसुंभ?"

"पत्ते पण यानंच आणले. भविष्य पण. बापू, हा फोनबरोबरच आलाय, कंपनीतूनच! म्हणून तुम्ही खेळ पुसता नि हा परत आणतो. फोन चार्जिंगला लावून नुसता ठेवला की याचं काम सुरू, म्हणून रोज क्लासनंतरच!"

म्हणजे महिनाभर बापू नळ उघडा ठेवून फरशी पुसत होते. निशीनं सेवासाथीला गाठलं. काढून टाकायची सोयच नव्हती त्याला, पण 'बंद करा' असं एक बटण होतं. तिनं ते दाबलं. दुसऱ्या ठिकाणी 'इतर अॅप आणण्याची परवानगी' असं लिहिलेलं होतं, तीही बंद केली. "खलास," ती म्हणाली. "आता कोण आणतो बघू."

"थांब थांब," बापू म्हणाले. चौकशीवाला माणूस, धागा सोडेल कसा? "त्याला परवानगी दिली कुणी? आपल्या घरात शिरायची परवानगी दिल्याशिवाय कुणी शिरत नाही. ते बघ, ते खाली काय लिहिलंय."

निशीनं बोट सरकवलं. बापूंनी खणखणीत आवाजात वाचायला सुरुवात केली. "संमती, वापरकर्त्याने दिली. दिनांक..." आणि आवाज तिथंच बसला. दसऱ्याची तारीख होती. वेळ, सकाळचे अकरा वाजून अठ्ठावन्न मिनिटं.

वासंतीबाईंनी कपाळाला हात लावला. त्यांना तो दिवस लख्ख आठवत होता. मुहूर्त बारापर्यंत होता. फोनला हळदकुंकू वाहून झालं होतं, वर सोनं म्हणून आपट्याचं पान ठेवलं होतं, आणि बाराच्या आत फोन सुरू व्हायलाच हवा म्हणून बापू पडद्यावरची एकापाठोपाठ एक पानं उडवत चालले होते. सहमत, सहमत, सहमत. निशी तेव्हा म्हणालीही होती, बापू, वाचा तरी. "मुहूर्त टळेल, गप बस," असं तिला उत्तर मिळालं होतं.

अख्खी हयात ज्या माणसानं लोकांना सांगितलं की विम्याचा बारीक छापलेला मजकूर वाचल्याशिवाय सही करू नका, त्या माणसानं एक ओळही न वाचता संमती दिली होती. ज्याचं तोंडही पाहिलं नाही अशा कुणाला त्यांनी दोन मिनिटांत घरात घेतलं होतं. आणि मांडीवर वाढलेली पोर सकाळपासून सहीसाठी समोर बसली होती. त्यांना इतकी लाज वाटली की चष्मा काढून उगाचच पुसू लागले.

"निशी," ते म्हणाले, "त्या चौकीदाराला मी पहिल्याच दिवशी विचारलं होतं, तू केलंस का? तो नाही म्हणाला. मी म्हटलं, ठीक आहे, बघू. तुला मी असं एकदाही विचारलं नाही गं. मी थेट कबूलच कर म्हणालो. चुकलो मी."

निशीनं त्यांच्या खांद्यावर डोकं टेकवलं आणि नाक ओढलं.

"अहो, पोरीला रडवायचं ते रडवून झालं, आता सही करा!" वासंतीबाई घड्याळाकडं बघत कडाडल्या. "तीन वाजून गेले!"

बापूंनी संमतीपत्र काढलं, पेन उघडलं आणि वाचायला लागले. पहिल्या ओळीपासून.

"बापू! बस सुटेल!"

"गप बस," बापू म्हणाले आणि स्वतःच जीभ चावली. "नाही, म्हणजे, बोल तू. पण हे वाचणार मी. ते वाचलं नाही म्हणून हे सगळं झालं." त्यांनी चौदाच्या चौदा ओळी वाचल्या, सही केली, आणि खाली 'पालकांचे मत' असा रकाना होता, तिथं आपल्या टपोऱ्या अक्षरांत दोन ओळी लिहिल्या. मग कागदाची घडी घालून दिली आणि रिक्षा बघायला स्वतः चप्पल न घालता धावले.

शाळेच्या फाटकाशी पोहोचले तेव्हा चारला चार मिनिटं होती. मॅडम बसच्या पायरीवर यादी घेऊन उभ्या. त्यांनी निशीचा कागद उघडला आणि भुवया उंचावल्या. "घोरपडे, ये नीचे क्या लिखा है? मराठी में है."

निशीनं कागद घेतला. खिडक्यांतून सगळा संघ वाकून बघत होता. एरवी मराठी मोठ्यानं वाचायची म्हटलं की ती लाजायची, आज बोट ठेवून एकेक शब्द वाचू लागली.

"चौकशी... पूर्ण. मुलगी पहिल्यापासून... खरं बोलत होती. पालकानं... ऐकलं नव्हतं."

"मतलब?" मॅडमनी विचारलं.

निशीनं मागं वळून पाहिलं. रिक्षाजवळ बापू अनवाणी उभे होते, हातात तिची विसरलेली पाण्याची बाटली घेऊन.

"मतलब, मैं जा सकती हूँ," ती म्हणाली, आणि बाटली घ्यायला पळत सुटली.