दाराआडची चिमणी

“चालू करून दे, पण खेळू नकोस हं,” ड्रायव्हरकाका तिसऱ्यांदा म्हणाले.

“अहो काका, वीस वर्षं हेच करतोय. बसा निवांत!”

माझा स्वभावच तसला. कॉम्प्युटर दुरुस्त करताना हातापेक्षा तोंड जास्त चालतं. काकांचा जुना कॉम्प्युटर कायमचा बंद पडला होता. त्याची डिस्क काढून मी दुकानातल्या नव्याकोऱ्या कॉम्प्युटरला जोडली होती. तिच्यात एक लढाईचा खेळ होता. चार शिपायांची तुकडी. आधी नकाशावर बेत आखायचा, मग दबकत पुढे सरकायचं. एका शिपायाचं नाव ‘बाबा’, दुसऱ्याचं ‘चिमणी’. चिमणी म्हणजे काकांची लेक. दोघं मिळून खेळायची. सहा वर्षांपूर्वी ती अपघातात गेली.

“यात मेलेला शिपाई परत मिळत नाही,” काका म्हणाले. “नावावर लाल काट बसते नि खेळ ते आपोआप सेव्ह करतो. म्हणून तिनं स्वतःला दाराआड उभं करून ठेवलंय. ‘उद्या आत जाऊ, बाबा,’ म्हणाली होती. शत्रूचा पहारेकरी यायला दोन मिनिटं लागतात. तेवढं बघतो नि बंद करतो.”

आधी कॉपी, मग हात, असं माझे उस्ताद बजावायचे. मी म्हटलं, बघायचंच तर आहे! बटण दाबलं.

दार दिसलं. दाराशी पाठमोरी चिमणी. काका पुढे झुकले. “अगं...” एवढंच म्हणाले.

तेवढ्यात आतला पंखा घोंघावला आणि पडद्यावरचं घड्याळ पळत सुटलं. जुने खेळ नव्या कॉम्प्युटरवर भरधाव सुटतात, आधी वेग बांधावा लागतो. हे मला ठाऊक नव्हतं होय? हात बटणाकडे जाईपर्यंत पहारेकरी कोपरा वळून आला.

मग शिपायांची यादी आली. ‘चिमणी’वर लाल काट.

मी पुन्हा उघडून पाहिलं. पुन्हा तीच यादी.

“काका, कॉपी... मी कॉपीच काढली नाही हो.” मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. “तुझा काय दोष? वेगच फार होता.” मग पडद्याकडे बघत म्हणाले, “मलाही सगळे असंच समजावत होते. त्या दिवशी गाडी मीच चालवत होतो ना.”

यादीत ‘बाबा’ मात्र शाबूत होता. काकांनी कॉम्प्युटर नीट बंद करायला सांगितलं आणि पडदा काळा होईपर्यंत ते उभे राहिले.