एकोणपन्नासावरचा वारा

"विरपी, तुझ्या खेळात कुणीतरी लबाडी करतंय," लेकीच्या हातात कॉफीचा कप देता देता लेम्पीबाईंनी जाहीर केलं.

विरपीचा ब्लूबेरी केकचा घास तोंडातल्या तोंडात राहिला. घरोघरी रविवारी टॅबलेटवरून भांडणं होतात, ती बहुधा मुलांशी. विरपीच्या माहेरी ती शहात्तर वर्षांच्या आईशी व्हायची. जेवण गार झालं तरी बाई टॅबलेटवरून मान वर काढायच्या नाहीत, आणि विरपीला ओरडायचीही सोय नव्हती, कारण तो खेळ तिच्याच कंपनीत तयार होत होता.

ताम्पेरे शहरातली तोर्स्तीची ती कंपनी म्हणजे सहा माणसं आणि एक कॉफीचं यंत्र. तीन वर्षं ती सगळी मिळून एकच व्हिडिओ गेम घडवत होती. त्यात आपण नावाड्याची मुलगी व्हायचं, गावोगाव हिंडायचं, सोबती जोडायचे आणि हरवलेल्या भावाला शोधायचं. वाटेतल्या एका गावात एक अंगण होतं. तिथे म्हाताऱ्यांबरोबर म्योल्क्कीचा, म्हणजे लाकडी दांडका फेकून आकडे घातलेल्या खुंट्या पाडायचा डाव टाकायचा, जिंकलं की पाइनची बोंडं मिळायची, आणि त्या बोंडांवर शेजारच्या टपरीत टोपी, सलगम, कंदील असं काय हवं ते घ्यायचं. टपरीतली सगळ्यात महाग वस्तू म्हणजे नाव. ती घेतली की सरोवर ओलांडून भावाच्या बेटावर लवकर पोचता येई.

ते अंगण विरपीनं एकटीनं बनवलं होतं, आणि खरं सांगायचं तर आईसाठी बनवलं होतं. एके काळी लेम्पीबाईंसारखी म्योल्क्की खेळणारी बाई त्या आळीत नव्हती. संधिवातानं बोटं वाकली, दांडका धरवेना, तसं अंगणात जाणंही बंद झालं. मग लेकीनं अंगणच काचेच्या आत आणून दिलं. गेम बाजारात यायच्या आधीची प्रत आईच्या टॅबलेटवर घातली, तेव्हापासून बाई नावेसाठी बोंडं साठवत होत्या.

"लबाडी कसली?" विरपीनं विचारलं.

"काल माझे एकोणपन्नास झाले होते. एक हवा होता. एक नंबरची खुंटी बरोब्बर पाडली. तेवढ्यात शेजारची दोन नंबरची आपोआप झोपली. दोन खुंट्या पडल्या म्हणजे दोन गुण. झाले एक्कावन्न, आणि मी खाली पंचवीसवर."

म्योल्क्कीचा नियमच तसा आहे. एकच खुंटी पडली तर तिच्यावरचा आकडा मिळतो, जास्त पडल्या तर जितक्या पडल्या तितके गुण. बेरीज नेमकी पन्नास व्हायला हवी. एक जरी वर गेला तरी घसरून पंचवीसवर.

"होतं असं कधी कधी."

"एकदा झालं तर नेम चुकला म्हणेन. पन्नास जवळ आले की दर वेळी होतं."

विरपी कपात बघत म्हणाली, "तो वारा आहे आई. आम्ही आता खेळात वारा टाकलाय."

"वारा?" लेम्पीबाईंनी टॅबलेट तिच्या नाकासमोर धरला. "हे बर्चचं झाड बघ. पान हलतंय का? दोरीवर टॉवेल आहे, तो हलतोय का? खुंटी पाडणारा वारा टॉवेलाला शिवत नाही, असा कुठला गं हा शहाणा वारा? आणि पडलं की लगेच पाटी येते. 'थकलात? बोंडं विकत घ्या.' खऱ्या युरोंनी. पाइनची बोंडं, आणि विकत, या देशात! परवाच मी कुणाच्या तरी रानातून अर्धी बादली बेरी आणल्या, कुणी हूं की चूं केलं नाही. जमिनीवर पडलेलं बोंड कुणाच्याही रानातून उचललं तर ती चोरी नाही, असं कायद्यात लिहिलंय. जे कुणीही वाकून उचलावं, ते तुम्ही दुकानात मांडलंत?"

विरपीनं केक संपवला नाही. उशीर झालाय असं सांगून ती निघाली, आणि आईनं तिला अडवलं नाही.

तो वारा काय होता, हे विरपीला पक्कं ठाऊक होतं. पन्नास होणार असं दिसलं की शेजारची एक खुंटी गुपचूप पाडायची, एवढंच त्याचं काम. कंपनीत त्याला फसवणूक कुणी म्हणत नसे, सगळे वाराच म्हणत. बैठकीत 'वारा थोडा वाढवू या' असं कुणी म्हटलं की कुणाला लाजही वाटायची नाही. वाईट कामाला आपण गोंडस नाव दिलं की निम्मं काम तिथेच सोपं होतं, मंडळी, हे तुमच्याआमच्या ऑफिसातही चालतं.

घरी येऊन विरपीनं एक पळवाट काढली. कंपनीच्या संगणकावरून आईच्या खात्यात नाव सहज येईल एवढी बोंडं टाकून दिली. आईला नाव मिळेल, तक्रार मिटेल आणि वाराही राहील, असा तिचा हिशेब होता.

मंगळवारी दुपारी आईचा फोन आला.

"माझ्या घरात कुणीतरी बोंडं ओतून गेलंय."

"मग घे की नाव."

"नाव नाही घेतली. सगळ्या बोंडांचे सलगम घेतले आणि एकेक करून सरोवरात फेकले. हात भरून आला, पण एकही ठेवला नाही."

"आई, अगं कशाला?"

"मला नाव कमवून हवीय. भीक घालून माझं तोंड बंद करू नकोस." लेम्पीबाईंचा आवाज चढला नाही, पण त्यातली धार विरपीला लहानपणापासून ओळखीची होती. "एक सांग. तू लहान होतीस तेव्हा तुला मी कधी मुद्दाम जिंकू दिलं?"

"कधीच नाही. मी रडत घरात जायचे."

"आणि कधी मुद्दाम हरवलं?"

"नाही."

"मग हे तू कुणाकडून शिकलीस? तो वारा कुणी सोडलाय?"

"मी," विरपी म्हणाली. "तोर्स्तीनं सांगितलं, पण हात माझेच."

बाई म्हणाल्या, "ज्याला खेळून जिंकता येत नाही तो हरू दे, त्यात त्याचं काही बिघडत नाही. पण ज्याचा नेम खरा लागला, त्याला 'तू चुकलास' असं तुम्ही सांगता. शाळेतली पोरं खेळणार हे. त्यांना वाटणार, आपलाच हात वाईट. कुणाचा स्वतःच्या हातावरचा विश्वास काढून घ्यायचा आणि वर त्यालाच बोंडं विकायची, याला मी धंदा म्हणत नाही. जेवलीस का?"

"नाही."

"जेव. आणि मग काय ते ठरव."

विरपीनं ठरवलं. शुक्रवारी हेलसिंकीहून ओस्कारी येणार होता. गेमला पैसा लावणाऱ्या मोठ्या कंपनीचा तो माणूस, आणि त्या दिवशी करारावर सह्या व्हायच्या होत्या. सगळे टेबलाभोवती बसले आणि तोर्स्तीनं पेन काढलं, तोच विरपी म्हणाली, "मी वारा काढतेय."

तोर्स्तीनं आधी तिच्याकडे आणि मग पाहुण्याकडे पाहिलं. तोर्स्ती वाईट माणूस नव्हता. तीन वर्षं सर्वांचे पगार वेळेवर देताना त्याच्या कानावरचे केस पांढरे झाले होते.

"विरपी, आज नको," तो हळूच म्हणाला. "सहा जणांची पोटं आहेत यावर."

"माहीत आहे. त्यातलं एक माझं आहे."

ओस्कारी समजुतीच्या सुरात हसला. "सक्ती कुणावर आहे का? ज्याला हवी त्यानं बोंडं विकत घ्यावीत, ज्याला नको त्यानं खेळत राहावं. आमचा अनुभव सांगतो, अगदी शेवटी हरलेला माणूस पटकन पैसे काढतो. तो चिडलेला असतो. चिडलेला माणूस फार चांगलं गिऱ्हाईक."

"तो हरलेला नसतो," विरपी म्हणाली. "आपण त्याला हरवतो."

चित्रं काढणारी रौनी टेबलावरचे कागदाचे कपटे बोटानं गोळा करत राहिली. शेवटी तोर्स्ती म्हणाला, "आधी कॉफी घेऊ," आणि सगळे सुटकेनं उठले.

शुक्रवारची कॉफी म्हणजे मागच्या अंगणात वेलचीचे गोड पाव आणि म्योल्क्कीचा एक डाव, हा तिथला शिरस्ता होता. पाहुण्यालाही दांडका दिला गेला. ओस्कारीनं कोट काढला, बाह्या सारल्या, आणि दोन फेकींतच कळलं की हा गडी उन्हाळाभर सरोवरकाठच्या घरी हेच करत असणार. पोरासारखा रंगला तो. एकेक खुंटी हेरून पाडत गेला आणि बघता बघता एकोणपन्नासवर पोचला.

एक हवा होता. ओस्कारीनं श्वास रोखला, दांडका फेकला, आणि एक नंबरची खुंटी, फक्त तीच, टक्क करून आडवी झाली. त्यानं दोन्ही हात वर केले.

खुंट्यांपाशी उभ्या असलेल्या विरपीनं बुटाच्या टोकानं शेजारची दोन नंबरची खुंटी ढकलली. तीही पडली.

"दोन खुंट्या, दोन गुण," ती म्हणाली. "एक्कावन्न. तुम्ही पंचवीसवर."

ओस्कारीचे हात वरचे वरच राहिले. "हे काय?"

"वारा."

"कसला वारा? तुम्ही पायानं पाडलीत. मी बघितलं."

"आमच्याकडे पन्नासच्या तोंडाशी येतो वारा. दोन युरो दिलेत तर पन्नास धरू. सक्ती नाही हं. नको असेल तर खेळत राहा."

"अहो, माझी फेक बरोबर होती!" ओस्कारीचा चेहरा लालबुंद झाला. "ही उघड उघड फसवणूक आहे!"

तो शब्द गेले कित्येक महिने त्या इमारतीत कुणी उच्चारला नव्हता, आणि आज पाहुण्यानंच तो मोठ्यानं उच्चारला. ओस्कारीलाही ते ऐकू आलं असावं. त्याचे हात सावकाश खाली आले.

"तुम्ही मोठे आहात, तुम्ही मला पाहिलंत," विरपी म्हणाली. "गेममध्ये माझा पाय कुणाला दिसत नाही. तिथे दहा वर्षांची मुलगी असेल. ती कुणाला फसवणूक म्हणणार? ती स्वतःच्या हाताकडे बघेल. मला कामावरून काढायचं तर काढा. पण हा वारा माझ्या हातून बाहेर जाणार नाही, आणि दुसऱ्या कुणी टाकला तर तो कसला वारा आहे हे मी खेळणाऱ्या प्रत्येकाला सांगेन."

"खेळ वेगळा आणि व्यवहार वेगळा," ओस्कारी पुटपुटला आणि कोट शोधू लागला.

तोर्स्तीनं कप पायरीवर ठेवला. तो खुंट्यांपाशी गेला, वाकला, आणि दोन नंबरची खुंटी उचलून जागच्या जागी उभी केली. एक नंबरची मात्र त्यानं पडलेलीच ठेवली.

"ओस्कारी, तुझे पन्नास झाले," तो म्हणाला. "तू खरा जिंकलास. उगाच तुझं कुणी काढून घ्यायला नको. आणि वारा आजपासून बंद."

"मग आमचे पैसेही बंद होतील, तोर्स्ती."

"होऊ देत. मला वाटायचं मी या सहा जणांची पोटं सांभाळतोय. आता समोर बघितल्यावर कळलं, मी त्यांना काय करायला लावत होतो ते." त्यानं रौनीकडे पाहिलं. "ती विकत घ्या म्हणणारी पाटी तूच रंगवलीस ना? काढून टाक."

"ती मी जरा वाकडीच रंगवली होती," रौनी म्हणाली.

ओस्कारी पाव न खाता गेला. इथे सगळं झटक्यात गोड झालं असं सांगितलं, तर मीही गोष्टीत वारा सोडल्यासारखं होईल. तसं झालं नाही. करार फिसकटला. भाड्याची जागा सोडून मंडळींनी तो हिवाळा रौनीच्या गॅरेजमध्ये हातमोजे घालून काढला. गेम ठरल्यापेक्षा फार उशिरा आला, आणि फार मोठाही झाला नाही. पण ज्यानं तो एकदा किंमत देऊन घेतला, त्याच्याकडे पुन्हा कुणी हात पसरला नाही, आणि दांडका लागला तशाच खुंट्या पडल्या.

गेम बाजारात आला त्या रविवारी विरपी आईकडे गेली. लेम्पीबाई खिडकीपाशी टॅबलेट घेऊन बसल्या होत्या. नावेला एकाच डावाची बोंडं कमी होती आणि त्या एकोणपन्नासवर होत्या. विरपी मागे उभी राहिली.

बाईंनी वाकडं बोट काचेवरून सरकवलं. दांडका गेला. एक नंबरची खुंटी पडली, आणि तिला घासून दोन नंबरचीही पडली.

पंचवीस.

"आई, मी काही केलेलं नाही," विरपी घाईनं म्हणाली. "शपथ."

लेम्पीबाईंनी चष्मा पुसला आणि ती फेक पुन्हा हळूहळू चालवून पाहिली. दांडका दोन्ही खुंट्यांना कसा लागला ते एकदा पाहिलं, दोनदा पाहिलं. मग त्या हसल्या. संधिवात जडल्यापासून विरपीनं त्यांना असं हसताना पाहिलं नव्हतं.

"डावीकडे सुटला," त्या म्हणाल्या. "माझाच नेम चुकला. माझाच."

मंडळी, आपल्याला कुणी जिंकवून द्यावं असं आपण म्हणत नाही. आपण जे करतो त्याचं फळ, गोड असो की कडू, आपल्याच पदरात पडावं एवढंच आपलं मागणं असतं, आणि त्यावर आपला हक्क आहे. तो कुणी वाऱ्याच्या नावाखाली काढून घेऊ लागला, तर आधी झाडाचं पान हलतंय का ते बघावं, आणि हलत नसेल तर पाय कुणाचा आहे ते मोठ्यानं विचारावं. तो पाय आपलाच निघाला, तर मागे घ्यावा.

"उभी काय राहिलीस?" लेम्पीबाई म्हणाल्या. "कॉफी ओत. मला अजून पंचवीस करायचेत."