अख्खी भेंडी

बुधवारी संध्याकाळी सात वाजता लिंदाउराला साओ पावलोहून भाचीचा फोन आला. सप्टेंबरच्या शेवटच्या शुक्रवारी ती आईला घेऊन समुद्रकाठच्या साल्वादोरला येणार होती. रविवारी रात्रीच्या विमानाने दोघी परतणार होत्या.

लिंदाउराने गॅस बंद केला आणि खुर्ची ओढली.

"कोणाला घेऊन म्हणालीस?"

"आईला."

"मारिनाल्वाला?"

"मला दुसरी आई नाही, मावशी."

मारिनाल्वा ही लिंदाउराची धाकटी बहीण. कापडगिरणीत काम मिळालं म्हणून बाविसाव्या वर्षी साओ पावलोला गेली, ती तिथलीच झाली. मधल्या काळात एकदाच आली, आईला माती द्यायला. सकाळी आली आणि अंधार पडायच्या आत गेली. लिंदाउरा मात्र लिबरदाजी वस्तीतल्या चढावरच्या आईच्या घरातच राहिली. सारी उमर तिने शहराच्या बसमध्ये कंडक्टर म्हणून काढली. आता निवृत्त होती, पण कुठे जायचं म्हटलं की अजूनही तिच्या डोक्यात रस्त्याऐवजी थांबे यायचे.

भाचीचं नाव नायारा. बँकेत नोकरी, वय तिशीचं, आणि आजीच्या हातचं जेवण फक्त फोटोत पाहिलेलं. "आफ्रिकेतून आलेलं आपलं जे काही आहे ना, ते मला नीट बघायचंय. आणि खायचंय," ती म्हणाली. "दोनच रात्री आहेत. मी सगळं आखलंय, तू फक्त ऐक."

लिंदाउराने ऐकलं, पण दुसऱ्याच ओळीला तिला राहवेना.

"सकाळी दहाला आकाराजे? अगं, तेव्हा गाडीवाल्या बायका घरी त्या वड्यांची चवळी वाटत असतात. ऊन उतरल्याशिवाय कढई तापत नाही."

"बरं, संध्याकाळी. शुक्रवारी दुपारी फेजोआडा..."

"शुक्रवारी? कोणी शिकवलं तुला? शुक्रवारी इथे घराघरात ताडतेलाचं जेवण असतं. काळा घेवडा आणि डुक्कर शनिवारी. तुझ्या आईला विचार."

"आईला विचारलं. म्हणाली, मी समुद्र बघायला येतेय, बाकी तुझं तू बघ."

लिंदाउराने उरलेली सहल आपल्या हातात घेतली. शुक्रवारी पांढरे कपडे घालून बोनफिंमच्या देवळात. तिथून बसने बाराव्या थांब्यावर उतरलं की कोपऱ्यावर बेकरी, तिथे नारळाची वडी मिळेल. मग खालच्या रस्त्याने बंदर. संध्याकाळी कुरुझूच्या वळणावर ढोलांची तालीम असते, ती फुकट बघता येते.

"ती बस बंद झाली, मावशी. मी नकाशात बघतेय."

"कधी?"

"बरीच वर्षं झाली असतील."

"नकाशाला काय कळतंय," लिंदाउरा म्हणाली. पण दुसऱ्या दिवशी सकाळी ती स्वतःच बाहेर पडली. बस खरोखरच नव्हती. दोन बस बदलून ती त्या कोपऱ्यावर पोचली, तर बेकरीच्या जागी औषधाचं दुकान होतं. थांब्याचा खांब तेवढा उभा होता, पाटी नसलेला. याच खांबापाशी दर शनिवारी मारिनाल्वा तिच्या बसमध्ये चढायची. तिकीट काढायची नाही, आणि तिकीट तपासणारा आला की, "मी हिची बहीण नाही," असं आधीच सांगून टाकायची. लिंदाउरा खांबाला टेकून उभी राहिली. औषधवाल्याने बाहेर येऊन विचारलं, "आजी, चक्कर आली का?"

"चक्कर नाही आली. बेकरी कुठे गेली?"

त्याला माहीत नव्हतं. तो इथे नंतर आलेला.

त्या रात्री तिने भाचीला सांगितलं, "तुझा नकाशा बरोबर आहे. वडी मी घरी करते. रविवारी दुपारी काय ठेवलंयस?"

"रविवार मोकळा आहे."

"मोकळा नाही. रविवारी माझ्याकडे कारुरू आहे."

कारुरू म्हणजे काय ते नायाराला ऐकून माहीत होतं. सप्टेंबरात जुळ्या संतांच्या नावाने भेंडीचं मोठं पातेलं चढतं. सोडे, शेंगदाणे, काजू, लाल ताडतेल. आधी सात पोरं चटईवर बसून एकाच परातीत हाताने जेवतात, मग बाकीचे. भेंडी बारीक चिरलेली असते, पण दोन-तीन मुद्दाम अख्ख्या सोडतात. ज्याच्या ताटात अख्खी भेंडी येईल त्याने पुढच्या वर्षी कारुरू घालायचं. नाही म्हणायची सोय नाही.

मारिनाल्वा साओ पावलोत एका प्रार्थनामंडळीत जात होती. संतांच्या नावाचं अन्न तिथे चालत नव्हतं. पण खरी गोष्ट त्याच्याही आधीची होती.

आईच्या वाढायच्या डावाला डोळे आहेत, असं गल्लीत म्हणायचे. अख्खी भेंडी कोणाकडे जाणार हे नशीब ठरवायचं नाही, आई ठरवायची. शेजारणीचा मुलगा बोटीवर जाणार असला की भेंडी त्याच्या ताटात. वरच्या आळीतली तेरेझिया नवऱ्याला सोडून निघाली होती, त्या वर्षी तिच्या. सगळ्यांना ठाऊक होतं आणि कोणी बोलायचं नाही. मारिनाल्वाची पेटी भरून दारात ठेवली होती त्या रविवारी आईने डाव पार तळाला घातला. मारिनाल्वाने भेंडी देठाला धरून उंच केली, टाळ्या पडल्या. "पुढच्या वर्षी माझं पातेलं!" ती हसत म्हणाली आणि मंगळवारी गेली.

पुढच्या सप्टेंबरात तिला रजा मिळाली नाही. त्याच्या पुढच्या वर्षीही नाही. आईने तिच्या नावाने पातेलं चढवलं, आणि आईच्या मागे लिंदाउराने. अख्खी भेंडी मात्र या घराच्या पातेल्यात पुन्हा कोणी सोडली नाही.

दोन दिवसांनी मारिनाल्वाचा स्वतःचा फोन आला.

"ताई, तू पोरीच्या डोक्यात काय भरवलंस? मला म्हणते शुक्रवारी पांढरं नेस."

"मग काय हिरवं नेसणार?"

"मी हॉटेलात राहणार आहे."

"राहा. माझ्या गाद्याही जुन्याच आहेत, तुझ्या पाठीला सोसणार नाहीत."

"माझ्या पाठीला काही झालेलं नाही. तुझेच गुडघे गेलेत, पोरगी सांगत होती." जराशाने मारिनाल्वा म्हणाली, "रविवारचं मी अजून ठरवलेलं नाही. आले तर चवळी आणि भात खाईन. पण माझ्या ताटात अख्खी भेंडी यायची नाही. शब्द दे."

"डावात काय येईल ते माझ्या हातात आहे का?"

"आईच्या हातात होतं. तुझ्याही आहे. शब्द दे, ताई."

लिंदाउराने शब्द दिला.

शुक्रवारी दोघी आल्या. लिंदाउरा विमानतळावर गेली नाही. बोलावल्याशिवाय जायचं नाही असं तिने ठरवलं होतं, आणि बोलावणं आलं नाही. नायाराचे निरोप मात्र येत राहिले. तिची आई बोनफिंमच्या देवळात आली नाही, कठड्याबाहेर उभी राहिली, पण पांढरंच नेसून. आईने आकाराजे खाल्लं नाही, पण गाडीपाशी बराच वेळ रेंगाळली आणि विकणाऱ्या बाईला म्हणाली की आच कमी कर, बाहेरून करपतंय. बाईने विचारलं, तुम्ही इथल्याच का? आई काही बोलली नाही.

लिंदाउराने तो शेवटचा निरोप शेजारणीला, टोन्याला, मोठ्याने वाचून दाखवला. शनिवारची दुपार होती. दोघींच्या मध्ये भेंडीचा ढीग होता. आधी उभे चार काप, मग आडवं बारीक. टोन्याचे हात चालू होते आणि तोंडही.

"'काही बोलली नाही' म्हणजे इथलीच," टोन्या म्हणाली. "परकी असती तर लगेच नाही म्हणाली असती." मग तिची सुरी थांबली. "ती बाजूला काय ठेवलीस?"

लिंदाउराने खाली पाहिलं. तिच्या मांडीशी, फडक्यावर, एक कोवळी भेंडी अख्खी पडली होती. केव्हा ठेवली ते तिला आठवेना.

"शब्द दिलायस ना?"

"तिच्या ताटात पडणार नाही असा दिलाय. पातेल्यात पडणार नाही असा नाही."

"मेल्यावर आईला भेटशील तेव्हा तीही शब्दाची हीच पळवाट सांगेल, बघ. मग कोणाच्या ताटात?"

लिंदाउराने ती भेंडी फडक्यात गुंडाळली. रात्री नायाराचा फोन आला तेव्हा तिने तिला भेंडीचं सांगितलं.

"मला दे ना," नायारा लगेच म्हणाली.

"गंमत नाही ही. पुढच्या वर्षी पातेलं तुझ्या गळ्यात पडेल."

"म्हणजे यावं लागेल."

"यावं लागेल."

"मग तर देच. आईला आणायला मला कारण नको का?"

फोन ठेवल्यावर लिंदाउरा बराच वेळ स्वयंपाकघरात बसून राहिली. आईनेही असंच मोजलं असेल. एका भेंडीने पोर अडेल असं तिला खरंच वाटलं होतं, की नुसतं नाव पातेल्यात राहावं एवढंच हवं होतं, हे विचारायचं राहून गेलं होतं. आणि मारिनाल्वाने एवढ्या वर्षांत कारुरूला पाय ठेवला नाही तो प्रार्थनामंडळीमुळे, की टाळ्यांच्या गजरात कबूल केलेल्या त्या पातेल्यामुळे, हेही. पोरीच्या ताटात भेंडी पडलेली पाहून मारिनाल्वा हसेल, की उठून जाईल? सकाळी तिने भेंडी पातेल्यात सोडली. कुठे सोडली ते लक्षात ठेवलं: डाव्या कडीच्या बाजूला, तळाशी.

रविवारी दुपारी सात पोरं चटईवर बसली. परातीत भात, चवळी, कोंबडी, तळलेली केळी, वर भेंडी. त्यांचं वाढप लिंदाउराने पातेल्याच्या उजव्या बाजूनेच केलं. पोरं कोपरापर्यंत लाल झाली. टोन्याने लाह्या उधळल्या. मोठी माणसं ताटं घेऊन भिंतीशी उभी राहिली. मधाच्या बरणीशेजारी नारळाच्या वड्या झाकून ठेवल्या होत्या. त्यांना कोणी हात लावायचा नाही असं लिंदाउराने आधीच बजावलं होतं.

"वाढायला घे," टोन्या म्हणाली. "लोक खोळंबलेत."

"थांब जरा."

चढाच्या पायथ्याशी टॅक्सी उभी होती. त्या चढावर गाडी चढत नव्हती, मारिनाल्वा गेली तेव्हाही नव्हती. नायारा उतरली होती, हातात पोरांसाठी उसाची मोळी होती. तिने वर पाहून हात हलवला आणि वाकून गाडीत काहीतरी सांगितलं. मागचं दार उघडं होतं. दारातून पांढऱ्या परकराचा घेर आणि एक पाय दिसत होता. पाय जमिनीला टेकला होता.

लिंदाउरा डाव हातात घेऊन खिडकीशी उभी होती. मागे पोरं बोटं चाटत होती. दोन वाजून गेले होते. दुसरा पाय अजून गाडीतच होता.