सिंकवरचं कपाट

"काका, फक्त हात हवेत तुमचे," दिग्दर्शिका सेन्नी म्हणाली. "आमच्या नटाला बशी धुता येत नाही. आंघोळ घालतो तिला."

"चाळीस वर्षं बंदरावर क्रेन चालवलेले हात आहेत, जपून वापर," आर्व्हो म्हणाला. "आणि वरचं कपाट उघडायचं नाही. ठरलंय आपलं."

"शपथ, काका."

आर्व्हो माझा शेजारी, फिनलंडमधल्या कोट्का या बंदराच्या गावातला. त्याच्या स्वयंपाकघरात बारा मिनिटांच्या विनोदी चित्रपटाचं शूटिंग चाललं होतं. चित्रपटात बायको टेबलाशी बसल्या बसल्या मेली आहे आणि नवऱ्याला पत्ता नाही. तो रोज तिच्यापुढे कॉफी ठेवतो आणि थंड केली म्हणून रागावतो. मेलेली नटी मधल्या वेळात केळं खात होती. मी खुर्ची उसनी दिली होती, म्हणून मला आत उभं राहायची परवानगी.

कपाटाचं कारण मला ठाऊक होतं. आमच्याकडे भांडी कोणी पुसत नाही. सिंकवरच्या कपाटाला तळाशी जाळी असते, तिथे ओलीच लावायची. मार्चमधल्या एका सकाळी लेम्पीने, त्याच्या बायकोने, भांडी धुऊन लावली आणि दुपारी ती गेली. आता ऑक्टोबर. भांडी तिने लावली तशीच होती. आर्व्हो कागदी बशीत जेवायचा आणि लोकांना सांगायचा, "धुवायचा कंटाळा."

"रोज करता तसंच करा," सेन्नी म्हणाली. "विचार करू नका."

कॅमेरा सुरू झाला. आर्व्होने बशी धुतली, निथळली. मग त्याचा डावा हात आपोआप वर गेला. त्याने कपाट उघडलं, लेम्पीच्या बशा सरकवून जागा केली, तिचा कप उचलून वरच्या फळीवर ठेवला आणि हातातली बशी आत उभी केली.

"अप्रतिम!" सेन्नी ओरडली. "काका, कपाट किती छान... "

पुढचं तिने गिळलं.

आर्व्हो कपाटाकडे बघत होता. "सगळ्यात पुढे कुठली बशी होती रे?" त्याने मला विचारलं. "निळी का पांढरी?"

"निळी," मी ठामपणे म्हणालो.

"खोटं बोलतोस."

"हो."

त्याने मान हलवली. फडकं घेतलं आणि एकेक बशी खाली काढून पुसायला लागला. सगळ्या ठणठणीत कोरड्या होत्या. कॅमेरा बंद करायचं कोणाला सुचलं नाही. मेलेली नटी टेबलावरून उठली, त्याच्या शेजारी येऊन उभी राहिली आणि तो देईल ती बशी दोन्ही हातांनी घेत राहिली.