पोरिंचूच्या हातचं नाव

केरळातल्या इरिंजालकुडाच्या कोर्टामागच्या गल्लीत पोरिंचूने चाळीस वर्षं लोकांचे दस्त लिहिले. निम्मं गाव त्याच्या अक्षरावर घरमालक झालं होतं. घरी मात्र दिव्याखाली अंधार. बायकोला, कोच्चुत्रेस्याला, त्याने दोन ओळींची चिठ्ठीही कधी लिहिली नाही. हाकसुद्धा नावाने मारली नाही. 'अगं ए' एवढ्यावर संसार झाला. घराची जागा मात्र तिच्या नावावर घेतली, आणि त्या खरेदीखतात स्वतःच्या हाताने लिहिलं, 'पोरिंचूची पत्नी कोच्चुत्रेस्या'.

ते खत लेकीच्या नर्सिंगच्या कर्जासाठी बँकेत गेलं. कर्ज फिटलं, लेक आयर्लंडला गेली, मग पोरिंचूही देवाघरी गेला. कोच्चुत्रेस्या खत मागायला गेली, तर बँकेने आधी सोमवार सांगितला, मग ओणमनंतरचा सोमवार, आणि शेवटी कानांवर हात ठेवले. खत म्हणे गोदामात हलवताना गहाळ झालं. दुसऱ्याची छत्री हरवली तरी माणूस ओशाळतो. मॅनेजरने चहा घेणार का, एवढंच विचारलं.

ती ग्राहक आयोगात गेली. दोन वर्षं तारखा पडल्या आणि निकाल तिच्या बाजूने लागला. बँकेने दोन लाख भरपाई द्यायची आणि रजिस्ट्रार कचेरीतून खताची नक्कलही काढून द्यायची. तिची वकील सुधर्मा लाडू घेऊन घरी आली. गावातल्या सगळ्यांसारखी तीही तिला चेडत्ती, म्हणजे थोरली वहिनी, म्हणायची. कोच्चुत्रेस्याने लाडू हातातच धरून ठेवला.

"चेडत्ती, जिंकलो आपण. जागेला आता कुणी हात लावू शकत नाही."

"जागा कुठे पळून चालली होती? मला यांच्या हातचं माझं नाव हवं होतं, बाई. तेवढंच मागे राहिलं होतं."

सुधर्माला आपलाच खटला तेव्हा कुठे कळला. खत दोनदा लिहितात. एक मालकाला मिळतं, दुसरं कचेरीच्या बाडात बांधून ठेवतात. ते बाड बघायला ती कोच्चुत्रेस्याला घेऊन निघाली. पण रिक्षात तिने आधीच बजावलं, की दुसरी प्रत मदतनीस उतरवतो, दस्तलेखक त्यात हात दुखवत नाही. कोच्चुत्रेस्याला हे ठाऊक होतं. पोरिंचूच्या मदतनिसाचा डबा तीच तर द्यायची. तरी तिने इस्त्रीची साडी नेसली होती.

कारकुनाने बाड आणलं, पान काढून दिलं. उंच, डावीकडे कललेली अक्षरं. पोरिंचूची.

तिसऱ्या ओळीत तिचं नाव होतं. नाव एकदा आलं की पुढे प्रत्येक दस्तलेखक 'सदर खरेदीदार' एवढंच लिहून मोकळा होतो. पोरिंचूने प्रत्येक ठिकाणी पुरतं नाव लिहिलं होतं. कोच्चुत्रेस्या बोट फिरवत मोजत गेली. अकरा वेळा. तिला रडू आवरेना, आणि तिने ते आवरलंही नाही.

पाच वाजले तसं कारकुनाने बाड मिटलं. नक्कल चार दिवसांनी मिळेल, मूळ पान कचेरीबाहेर जात नाही, असं त्याने सांगितलं.

"उद्या आले तर परत दाखवाल?"

"दर खेपेला फी भरावी लागते, चेडत्ती."

"भरीन," ती डोळे पुसत म्हणाली. "बँक देणार आहे ना दोन लाख."